टेड हॉलोवेचा पियानो

मी एक जुना, भिंतीला टेकलेला पियानो आहे. माझ्या पट्ट्या पिवळ्या पडल्या, पण माझा मालक नक्की कोण, हे कोडे मला अजून सुटलेले नाही.

मित्रांनो, माझा जन्म तुरिनच्या कारखान्यातला. आधी एका नृत्यशाळेत राबलो, मग रोमच्या ऑरेस्ते पालुंबोने मला घरी आणले. तो सिनेमांना संगीत द्यायचा. तिथेच माझा गोंधळ सुरू झाला. पडद्यावर खून असला की हा अंगाईसारखे काहीतरी वाजवी, आणि लग्न असले की रडवेले!

सर्वांत मोठा घोळ नावाचा. त्या काळी आमच्याकडे घोडे-पिस्तुलांचे सिनेमे निघत आणि ते अमेरिकेचे वाटावेत म्हणून सगळे अमेरिकन नावे घेत. ऑरेस्ते झाला टेड हॉलोवे. वर्तमानपत्रांत टेडचे कौतुक येई. घाम आमचा, नाव त्याचे. हा टेड आहे तरी कुठे, असे मला वाटत राही.

एके दिवशी ऑरेस्तेची आई, फिलोमेना, मोलीझे प्रांतातल्या आपल्या गावाहून तणतणत आली. गावात तिने एक सिनेमा पाहिला होता. तिला वाचता येत नसे. संगीतकाराचे नाव शेजारणीने वाचून दाखवले होते.

"त्या हॉलोवेने तुझ्या बापाची शिट्टी चोरलीय," ती म्हणाली.

ऑरेस्तेचे वडील गावोगाव फिरून सुऱ्या-कात्र्यांना धार लावत. आल्याची वर्दी ते ठरावीक चालीची शिट्टी वाजवून देत.

"हीच शिट्टी ऐकून मी सुरी घेऊन दारात आले होते. त्याने धार लावली नि पैसे घेतले नाहीत, तेव्हाच मी काय ते ओळखलं. आता सिनेमात तीच वाजते आणि तो मेला गुंड माणसं मारतो. तू रोममध्ये राहतोस ना? जा, जाब विचार त्याला."

ऑरेस्ते माझ्यावर हात टेकून उभा होता.

"आई, तो मीच."

ती म्हणाली, "म्हणजे बापाची शिट्टी चालते, नाव चालत नाही."

ऑरेस्तेने टेडला कायमचा निरोप दिला. पालुंबो नावावर तिकिटे खपत नाहीत, असे निर्माते म्हणाले. हळूहळू कामे आटली. माझ्यावर आधी फुलदाणी आली, मग इस्त्रीचे कपडे. मित्रांनो, खरे सांगतो, मला टेडची फार आठवण यायची. तो खोटा होता, पण त्याच्या काळात मला रोज कुणीतरी वाजवत होते. असे वाटणे चूक की बरोबर, मला ठरवता येत नाही.

ईस्टरला फिलोमेना पुन्हा आली. तिने कपडे उचलून खुर्चीवर टाकले, आपल्या एप्रनने माझी धूळ पुसली आणि मुलाला म्हणाली, "वाजव."

"कुणी मागितलेलं नाहीये गं आई."

"मी मागतेय ना."

त्याने माझ्यावर त्या शिट्टीची चाल वाजवली. या वेळी कुणी मेले नाही. फिलोमेना हसत होती की रडत होती, तेही मला कळले नाही.

मित्रांनो, तुमच्या घरात माझ्यासारखे एखादे वाद्य असेल, तर मागणीची वाट पाहू नका. झाकण उघडा आणि आपल्या माणसासाठी वाजवा.