दहिवर कापणारी करवत

मी एक जुनी करवत आहे. पाच हात लांब, दोन्ही टोकांना लाकडी मुठी, दोघांनी मिळून ओढायची. रोह्याच्या शिवा लोहाराने माझा एकेक दात कानशीने पाजळला आणि खांब गावाजवळच्या एका वाडीतल्या केरूच्या हाती मला दिलं. तेव्हा देश स्वतंत्र होऊन पंधरा-सोळा वर्षं झाली होती.

केरूचं शेत डोंगराच्या पायथ्याशी होतं. भात कापून झालं की त्याच ओलीत तो वाल टाकी. मित्रांनो, त्या वालाला कुणी पाणी देत नसे. डोंगरावर दाट रान होतं. थंडीत पहाटे त्या रानावर ढग येऊन टेके आणि खाली शेतात इतकं दहिवर पडे, की पानापानांवरून पाणी ठिबके. त्या दवावरच वाल पोसला जाई.

मला आणलं होतं ते रान कापायला. हैबतराव ठेकेदाराला कोळशाच्या भट्ट्यांसाठी लाकूड हवं होतं. एका मुठीला केरू, दुसऱ्या मुठीला त्याची बायको सरू. ऐन, किंजळ, हेद... मी सगळं कापलं. हैबतराव सगळ्यांदेखत म्हणे, "तुमची जोडी म्हंजे मशीन हाय!" दसऱ्याला त्याने मला झेंडूची माळ घातली. खोटं कशाला सांगू, मला फार अभिमान वाटला.

एकदा शाळेतले बाबाजी गुरुजी धापा टाकत वर आले. म्हणाले, "केरू, झाड जमिनीतलं पाणी ओढतं आणि पानांतून वाफ सोडतं. त्या वाफेने हवा गार राहते, ढग धरतो. पांढरा ढग ऊन परत फेकतो. इथली वाफ वाऱ्याने कुठल्या कुठे जाते, परमुलखातही तिचा पाऊस होतो. रान गेलं की हे सगळं जाईल रे."

"गुरुजी, ढगांची नावं शाळेत घाला, हजेरी घ्या त्यांची!" हैबतराव म्हणाला. सगळे हसले. मीही दात विचकले.

सरूचा हात मात्र थांबला. "अवो, गुरुजी बोलतात ता खरा असला त?"

"ओढ गो," केरू म्हणाला. "आपण नाय ओढली त दुसरी जोडी येल."

तिने ओढली.

चौथ्या हिवाळ्यात डोंगर बोडका झाला होता. ढग येई, पण ऊन लागताच विरून जाई. दहिवर पडेना. वालाची फुलं गळाली, शेंगा चपट्या राहिल्या. केरूच्याच नव्हे, साऱ्या वाडीच्या. फाल्गुनात वाडीच्या पाण्याच्या झऱ्याची धार करंगळीएवढी झाली. हैबतराव तोवर भट्ट्या मोडून निघून गेला होता. मग वाडीने राग काढायला जवळचं माणूस शोधलं.

झऱ्यावर वाडीतल्याच बायजाने सरूचा हंडा लाथेने उडवला. "तुझ्या करवतीनं आमचा पानी खाल्लान. जा नदीवर!"

"बायजा, भट्टी तुझाच घरवाला लावीत व्हता ना गो?" सरूने विचारलं.

कुणी सरूचा हंडा उचलून दिला नाही.

त्या दिवसापासून सरू नदीवर जाऊ लागली. चैत्रातल्या एका दुपारी भरला हंडा घेऊन परतताना ती उघड्या उतारावर खाली बसली. आजूबाजूला तिने स्वतः कापलेल्या झाडांचे बुंधे होते; सावली कुठेच नव्हती. झऱ्यावरच्या बायांना ती दिसत होती. एकजण उठू लागली, तेव्हा बायजा म्हणाली, "बसू दे. नाटकं हायत तिची." केरू पोचला तेव्हा सरूचं अंग तव्यासारखं तापलं होतं. तिने त्याला ओळखलं नाही. दिवस मावळायच्या आत ती गेली.

तेराव्याला हैबतराव आला. "रोह्याच्या बाजूचा डोंगर घेतलाय. तुला दुसरी बाई देतो मुठीला." घरात वाल नव्हते, भातही संपत आलं होतं. केरूने उठून मला खुंटीवरून काढलं.

दिवाळीनंतर त्या डोंगरावर कापणी सुरू झाली. तिथे पहाटे ढग टेकत होता. पहिलं झाड आडवं झालं, तेव्हा पायथ्याच्या वाडीतली मालू नावाची बाई धावत वर आली. "दादा, ह्या रानाच्या दवावर आमचा वाल व्हतो. त्याला काय व्हनार त नाय ना?"

केरूने तिच्याकडे पाहिलं. "काय नाय व्हत गो. जा तू." आणि त्याने मला ओढलं.

मित्रांनो, तो खोटं बोलला. मला ते ठाऊक होतं, पण तेव्हा मला नुसते दात होते, तोंड नव्हतं. म्हणून आज तुम्हाला सांगते आहे. रान उभं आहे तोवरच त्याच्यासाठी भांडा. आणि कापणारा "काय नाय व्हत" म्हणाला, तर याआधी त्याने कुठल्या गावचं रान कापलं, ते आधी जाऊन बघून या.