खंडेनवमीचे स्पीकर

दिग्दर्शक प्रणीतचा फोन येऊन गेल्यापासून शाल्मली एकच गाणं पुन्हा पुन्हा ऐकत होती. त्याच्या सिनेमातल्या अंगाईचं मिक्सिंग त्याने दुसऱ्यांदा परत पाठवलं होतं. "अंगाई आहे की ढोलपथक? संध्याकाळपर्यंत बेस आवर, नाहीतर गाणं मुंबईला देतो."

पुण्याहून बंगळूरला आल्यावर मिळालेलं हे तिचं पहिलं मोठं काम. आणि खोलीत ऐकताना बेस उलट बारीक वाटत होता, म्हणून तर तिने तो चढवला होता! मग खोटं कोण बोलतंय, आपले कान की हे जुने स्पीकर?

स्पीकर घरमालक नागनाथअण्णांचे, त्यांच्या बंद पडलेल्या स्टुडिओतले. "वापरून बघ, पटले तर तुझेच," म्हणून त्यांनी पावसाळ्यात दिले होते. तेव्हाची छोटी कामं तर झकास झाली होती.

अण्णा कॉफी घेऊन आले. "काय गं, तोंड का उतरलं?"

"अण्णा, स्पीकर म्हातारे झाले असतील का?"

"म्हातारा मी झालोय. ते नाही. स्वल्प कॉफी घे."

तिने नुसता गायिकेचा आवाज दोन्ही स्पीकरांवर सारखा लावला. असा आवाज बरोबर मधोमध यायला हवा, जणू समोर कुणी बसून गातंय. मध्ये कुणीच नव्हतं. आवाज दोन्ही भिंतींना चिकटला होता.

उजवा गेला की काय? तिने पूर्ण गाणं लावून उजव्याची तार काढली. आणि बेसने खोली भरून गेली. एक स्पीकर बंद केला, तर बेस वाढला! म्हणजे एक हवा पुढे ढकलत होता, तेव्हा दुसरा मागे ओढत होता. तार उलटी लागली होती.

तिने उजवा स्पीकर वळवून पाहिला. तार जोडायच्या दोन जागा असतात, एक लाल, एक काळी. इथे दोन्ही लाल.

"अण्णा, याला कुणी हात लावला होता?"

"मीच. खंडेनवमीला तू पुण्याला होतीस. तारा काढल्या, पुसलं, पूजा केली, परत जोडल्या. आयुधं ती, तशीच ठेवायची?" बोलता बोलता ते वाकले. अंगठ्याने घासताच कुंकवाखालून काळा रंग निघाला. "अय्यो! जन्मभर पोरांना सांगत आलो, रंग बघून जोडा."

"रंग बघूनच जोडलीत की!"

तिने तारांच्या जागा बदलल्या. गायिका मधोमध येऊन बसली, आणि तिच्या मागे शाल्मलीने चढवलेला बेस धडाम्‌ धडाम्‌ वाजू लागला. प्रणीतचं खरं होतं. ऊन खिडकीतून उतरेपर्यंत तिने तो खाली आणला, गाणं पाठवलं आणि फोन पालथा ठेवला.

फोन थरथरला. तिने तो अण्णांकडे सरकवला.

अण्णांनी चष्मा सावरत वाचलं. "'सरी, ठीक आहे. आता झोप येते. गाणं तुझंच.'"

शाल्मलीने गार झालेली कॉफी एका घोटात संपवली. अण्णा धोतराच्या सोग्याने कुंकू पुसत होते.

"पुढच्या नवमीला," ते पुटपुटले, "नुसती हळद."