मयताच्या घरचा दुसरा कप

मित्रांनो, मी जुनी किटली आहे, पण रोजच्या चहाची नव्हे. मी मयताच्या घरची किटली आहे. ज्या घरातले माणूस गेले, त्या घरी मला नेत असत. एरवी मी फडताळाच्या वरच्या फळीवर पालथी पडलेली असे. त्यामुळे मला पाहून कुणाला आनंद झाला, असे कधी घडले नाही. पण मी आले नाही, तर लोकांना चुकल्यासारखे वाटे.

माझा जन्म इंग्लंडमधल्या एका कारखान्यात झाला. पत्र्याचे अंग, वर पांढरे इनॅमल आणि काठाला निळी रेघ. मला मागे एक कडी आहे आणि पुढे चोचीखाली दुसरी, कारण भरल्यावर मी एका हाताने उचलली जात नाही. मी ऊनाच्या घरची. तिच्या सासूने मला गुरांच्या बाजारात विकत घेतले आणि ड्रमगोरला आणले. आयर्लंडच्या उत्तरेला, सरहद्दीला लागून आमची ही वस्ती. थोडी घरे, ओली राने, दगडी कुंपणे आणि एक पूल.

माझे पोट मोठे आणि झाकणावरची मूठ टोपीसारखी उंच, म्हणून लोकांनी माझे नाव ‘बिशप’, म्हणजे बडा धर्मगुरू, असे ठेवले. कुणी वारले की निरोप येई, “ऊना, बिशपला पाठव गं.” वस्तीत कॅथलिक होते आणि प्रोटेस्टंटही होते. त्यांची देवळे वेगळी, शाळा वेगळ्या, मतेही वेगळी. एकांना सबंध आयर्लंड एक व्हावे असे वाटे, दुसऱ्यांना ब्रिटनला धरून राहायचे होते. पण मयताच्या घरी चहा एकच असे, आणि तो माझ्यातला. ऊना कॅथलिक. तिच्या शेजारच्या रानातला विल्बर्ट एलियट प्रोटेस्टंट. त्याचे वडील गेले तेव्हा ऊना मला घेऊन त्याच्या दारात उभी राहिली. विल्बर्ट रडत होता, तरी म्हणाला, “बाबा वर बसून ओरडत असतील बघ. आमच्या घरात कॅथलिकांचा बिशप शिरला!” त्याची बायको मर्टल तोंडाला रुमाल लावून हसली आणि तिने दार पूर्ण उघडले.

आमच्याकडे मयताच्या घरी चहा नाकारता येत नाही. पहिला कप तर घ्यावाच लागतो. दुसरा नको असेल तर कारण द्यावे लागते, आणि ते खरे कारण असावे लागते. ‘पोट भरलंय’ म्हटलेले चालत नाही. घरातली बाई विचारणार, “का? कसली घाई?” मग माणूस सांगणार, गाय व्यायला आलीय, बायको घरी एकटी आहे, अमुक ठिकाणी जायचे आहे. कारण पटले की बाई कप उचलते. यात मेलेल्याचा मान असतो. मी इतक्या घरांत गेले, पण ही रीत कुणी मोडलेली मी पाहिली नाही.

मग बंदुका आल्या. आमच्या बाजूच्या बंदूकवाल्यांना लोक नुसते ‘पोरं’ म्हणत. ‘पोरं काल रात्री पुलावर होती,’ इतकेच बोलायचे. प्रोटेस्टंटांच्या बाजूचेही होते, त्यांना त्यांचे लोक असेच काहीतरी म्हणत असतील. विल्बर्ट दिवसा शेती करी आणि आठवड्यातून काही रात्री सरकारची वर्दी घालून नाक्यावर उभा राही. वर्दीवाल्यांना पोरं टिपून मारत, त्यामुळे तो रोज वेगळ्या वाटेने जाई. गाडीत बसण्याआधी गुडघे टेकून गाडीखाली बॉम्ब नाही ना ते पाही. कुठे चाललास, हे कुणाला सांगत नसे. मर्टललासुद्धा सगळे सांगत नसे.

ऊनाला दोन धाकटे भाऊ होते, फिंटन आणि ओवेन. आई लवकर गेल्यामुळे तिनेच दोघांना वाढवले होते. ओवेन सगळ्यांत धाकटा, सुतारकाम करणारा, गाणारा. एका संध्याकाळी तो कामावरून येत होता. रस्त्यात एक गाडी थांबली. आतल्यांनी त्याला नाव विचारले. नावावरून तो कॅथलिक आहे हे त्यांना कळले. त्यांना तेवढे पुरेसे होते.

त्या वेळी मला कुठे न्यावे लागले नाही. मयत घरातच होते. रीतीप्रमाणे घड्याळ बंद केले, आरशावर चादर टाकली आणि ओवेनची शवपेटी पुढच्या खोलीत ठेवली. ऊना स्वयंपाकघरात मला भरत होती, रिकामी करत होती, पुन्हा भरत होती. तिने डोळ्यांतून पाणी काढले नाही. माझी कडी मात्र तिने इतकी घट्ट धरली होती की तिची बोटे पांढरी पडली.

दुसऱ्या दिवशी दुपारी विल्बर्ट आला. साधा कोट घातलेला, टोपी हातात. तो आत आला तशी बाहेरच्या खोलीतली कुजबुज थांबली. ज्यांनी ओवेनला मारले ते स्वतःला विल्बर्टच्या बाजूचे म्हणवत होते. त्याने यायला नको होते, असे दोन्हीकडचे लोक म्हणाले असते. पण तो पेटीपाशी उभा राहिला, ओवेनच्या हाताला हात लावला आणि मग स्वयंपाकघरात आला.

तिथे चौघे होते. ऊना, तिचा नवरा मॅलाकी, कानाने बहिरी नोरामावशी आणि खिडकीशी फिंटन.

“ऊना, मला काय बोलावं कळत नाही,” विल्बर्ट म्हणाला.

“काही बोलू नकोस. बस.” तिने त्याला कप दिला.

तो प्यायला. कप ठेवला. ऊनाने मला उचलले.

“नको, ऊना. एकच पुरे.”

“का? कसली घाई?”

विल्बर्ट घुटमळला. आपल्या येण्याजाण्याबद्दल बोलायचे नाही हे त्याच्या हाडात मुरले होते. पण पलीकडच्या खोलीत ओवेन होता, आणि समोर ओवेनची बहीण मला धरून उभी होती. तिला खोटे कारण देणे त्याला जमले नाही.

“कालवडी वरच्या रानात नेल्यात मी,” तो हळू म्हणाला. “अंधाराच्या आत त्यांना वैरण टाकायला जावं लागतं.”

“काय म्हणतोय तो?” नोरामावशीने विचारले.

“कालवडी, मावशी!” विल्बर्ट तिच्या कानाशी वाकून मोठ्याने म्हणाला. “चुन्याच्या भट्टीपाशी! रोज संध्याकाळी जातो! हा पूर्ण आठवडा!”

“मग मला काय ओरडून सांगतोस? मी काय तुझी कालवड आहे?” मावशी म्हणाली. त्या दिवसात पहिल्यांदाच ऊना हसली. मॅलाकी हसला. विल्बर्टही हसला आणि टोपी घालून गेला.

फिंटन चहात साखर ढवळत होता. त्याचा चमचा थांबला. मी त्याच्यासमोरच होते.

आठवडा संपायच्या आत विल्बर्टला चुन्याच्या भट्टीपाशी गोळ्या घातल्या. तो कुंपणाच्या फाटकाजवळ पडला होता. कालवडी त्याच्याभोवती उभ्या होत्या.

बातमी आली तेव्हा ऊना भांडी विसळत होती. तिने हात पुसले आणि भावाकडे पाहिले.

“फिंटन, तू कुणाला काही बोललास?”

“काय बोलणार?”

“मी विचारतेय ते सांग.”

“तो वर्दी घालत होता ना, ऊना?”

“मी कपड्यांचं विचारलं नाही.”

फिंटनने कोट उचलला. “ओवेनला मारलं तेव्हा त्यांच्यातल्या कुणी कुणाला विचारलं होतं का असं?” तो म्हणाला आणि निघून गेला. ऊनाला उत्तर मिळाले होते.

मॅलाकी तिला सांगत होता, “जाऊ नकोस. पोरं बघत असतील. तिकडचेही बघत असतील.” ऊनाने मला फळीवरून काढले, घासले आणि चहाने भरले. दोन्ही कड्या धरून ती रानातून निघाली. इतकी जड मी तिला कधी झाले नव्हते.

मर्टलने दार थोडेसेच उघडले. तिचे डोळे कोरडे होते.

“ऊना, त्याने त्या जागेचं नाव एकाच घरात घेतलं होतं. घरी आल्यावर मला म्हणाला, चुकलंच माझं, पण मयताच्या घरी खोटं कसं बोलू? कोण कोण होतं तुझ्या स्वयंपाकघरात?”

ऊना माझ्या झाकणाकडे बघत राहिली. एक भाऊ तिने नुकताच मातीत ठेवला होता. दुसऱ्याचे नाव घेतले तर तोही जाणार होता, तुरुंगात किंवा ओवेनच्या वाटेने. मर्टल थांबली.

“मग तुझी किटली घरी ने,” ती म्हणाली, आणि दार लागले.

भरलेली किटली भरलेलीच परत आली. असे माझ्या आयुष्यात एकदाच झाले. ऊनाने तो चहा गोठ्यामागे ओतला, मला कोरडे केले आणि फळीवर पालथे घातले.

त्यानंतर मला कुणी बोलावले नाही आणि ऊनाने कुणाला दिलेही नाही. माणसे मरतच होती, काही म्हातारपणाने आणि काही नाही. मी फळीवरून ऐकत असे. लोक मयताला जात, पहिला कप घेत आणि म्हणत, “दुसरा नको.” घरातली बाई लगेच कप उचले. ‘का’ म्हणून कुणी विचारत नसे. विचारणे वाईट दिसू लागले. जो विचारतो तो कुणासाठी विचारतो, अशी शंका येई. मित्रांनो, बंदुकीने माणूस मरतो हे तुम्हाला माहीत आहे. पण आमच्या वस्तीतला एक साधा प्रश्नही बंदुकीने मारला. ते मरण कुठल्या बातमीत आले नाही.

फिंटन दर रविवारी येई. ऊना त्याला छोट्या किटलीतला चहा देई. भाऊ होता, टाकता येत नव्हता. पण त्याच्यासमोर ती बसत नसे. उभ्यानेच काहीतरी पुसत राही.

वर्षे गेली. मोठ्या लोकांनी कागदावर सह्या केल्या आणि बंदुका थांबल्या. नाका गेला. चुन्याच्या भट्टीवर वेल चढले. एका हिवाळ्यात ऊना आजारी पडली आणि इस्पितळातून परत आली ती पेटीत.

मॅलाकी म्हातारा झाला होता. त्याने स्टुलावर चढून मला खाली काढले. “तिनं मला तुला हात लावू दिला नसता,” तो मला म्हणाला. “म्हणायची, पाडशील.” मग त्याने सवयीने ओट्यावर दोन कप मांडले, एक तिचा आणि एक आपला. थोड्या वेळाने तिचा कप उचलून परत कपाटात ठेवला. मी घरोघरी बायको गेलेले पुरुष पाहिले आहेत. ते पेटीपाशी रडत नाहीत. अशा कपांपाशी रडतात.

संध्याकाळी घर भरले. तेवढ्यात काठी टेकत मर्टल आली. सगळे गप्प झाले, तीस वर्षांपूर्वी विल्बर्ट आला तेव्हा झाले होते तसेच. ती पेटीपाशी उभी राहिली, ऊनाच्या हाताला हात लावला आणि स्वयंपाकघरात आली. मॅलाकीने तिला कप भरून दिला.

“मॅलाकी, मी तिला एकदा एक गोष्ट विचारली होती.”

“हो.”

“आता तुला विचारते. तिला त्रास होणार नाही आता.”

मॅलाकीने मला खाली ठेवले. “मी होतो,” तो म्हणाला. “ऊना होती. नोरामावशी होती. आणि हा होता. फिंटन.”

फिंटन खिडकीशीच बसला होता. केस पांढरे, पोट सुटलेले. सगळ्यांनी कप खाली ठेवले.

“ओवेन त्या खोलीत पेटीत होता, मर्टल,” फिंटन म्हणाला. “माझा धाकटा भाऊ.”

“माहीत आहे मला,” मर्टल म्हणाली. “विल्बर्ट त्यालाच भेटायला आला होता.”

फिंटनने मान खाली घातली. मर्टलने चहा संपवला, शेवटच्या घोटापर्यंत. मॅलाकीने मला उचलले.

“नको. एकच पुरे.”

मॅलाकीचा हात सवयीने तिच्या कपाकडे गेला. पण मर्टलने कप सोडला नाही. ती त्याच्याकडे बघत राहिली. ती वाट बघत होती. मॅलाकीला ते कळायला वेळ लागला. शेवटी त्याने विचारले.

“का? कसली घाई?”

“बाहेर अंधारतंय,” मर्टल मोठ्याने म्हणाली, खिडकीशी बसलेल्या माणसालाही ऐकू जाईल इतक्या मोठ्याने. “मी पायी जाणार आहे. एकटी. चुन्याच्या भट्टीच्या वाटेने.”

मॅलाकीने मला चुलीवर ठेवले आणि खुंटीवरचा कोट घेतला. आमच्याकडे मयताला एकटे ठेवत नाहीत, म्हणून दारातून तो वळून म्हणाला, “तिच्यापाशी कुणीतरी बसा. मी हिला सोडून येतो.” दोघे म्हातारे बाहेर पडले. फिंटन उठला आणि बहिणीच्या पेटीशेजारच्या खुर्चीत जाऊन बसला. त्याला तेवढेच करता येण्यासारखे होते.

मित्रांनो, मला घासूनपुसून ठेवा, असे मी म्हणणार नाही. माझे इनॅमल उडाले आहे आणि तळाला गंज धरला आहे. माझे एवढेच मागणे आहे. तुमच्या दारात दुःखाच्या दिवशी कुणी आले आणि दुसरा कप नको म्हणाले, तर का म्हणून जरूर विचारा. आणि त्याने जी वाट सांगितली, ती तुमच्या घराबाहेर जाऊ देऊ नका.