दारातल्या चपला

शूटिंगला नाच असला की प्रत्येक टेकनंतर फरशी पुसावी लागते. काळी, चकचकीत फरशी. पावलांचे ठसे पडद्यावर दिसतात. ते पुसायचं काम माझं.

त्या दिवशी अकरा टेक झाले होते. गाण्यातली बाई मनातल्या माणसाच्या दारी येते आणि तो दार लावून घेतो, एवढंच. नाचणाऱ्या बाई चाळिशी ओलांडलेल्या. दार लागलं की त्या जमिनीवर कोसळायच्या, छाती पिटायच्या.

नाच बसवणारे मास्तर म्हणाले, "बाई, हा नकार नाही, ही पोटदुखी आहे."

दिग्दर्शकांनी घड्याळ पाहिलं. "जेवणाआधी जमलं नाही तर नाच काढून टाकू. दोन वाक्यं बोलून घेऊ."

बाईंचा चेहरा उतरला. अख्ख्या चित्रपटात त्यांच्या वाट्याला तेवढा एकच नाच होता.

मी पुसता पुसता पुटपुटले, "दार लागल्यावर लोळतं कोण?"

मास्तरांचे कान तिखट. "मग काय करतं माणूस, मावशी?"

आता बोलणं भाग होतं. "चपला शोधतं. नवरा गेला तेव्हा मी भावाच्या दारी गेले होते, राहायला. तो म्हणाला, पुढं बघू. रडू नाही आलं, लाज वाटली. नजर त्याच्यावर, आणि पाय आपला चपला चाचपतोय. एक मिळाली, दुसरी काही मिळेना."

कुणी हसलं नाही. बाईंनी विचारलं, "कुठला पाय?"

"उजवा."

बाराव्या टेकला दार लागलं आणि बाई उभ्याच राहिल्या. डोळे दारावर. उजवा पाय तेवढा तालात फिरू लागला, पुढं, मागं, बोटांनी जमीन चाचपत. जणू तो पायच आत घ्या म्हणत होता. मग हळूहळू थांबला.

दिग्दर्शक म्हणाले, "नाच राहू द्या."

बाई माझ्या बादलीजवळ येऊन बसल्या. "मावशी, तुमचं घेतलं मी. राग नाही ना?"

"घ्या की. नऊ वर्षं एकटीच वाहत होते."

खरंच, तोवर ते आठवलं की माझे कान गरम व्हायचे. बाईंनी ते असं उचललं की त्यात माझी लाज उरली नाही. एवढे उपकार फेडायचे कसे? त्यांचे पाय सुजले होते. मी घमेल्यात कोमट पाणी आणलं.

"अहो, हे काय करता?"

"गप बसा," मी म्हटलं. "आता हे पाय थोडे माझेही आहेत."