उरलेलं तुम्ही सांगा

"साठ वर्षं झाली, आमच्या मंडळानं एकही चुकीची गोष्ट सांगितलेली नाही," लिफ्टवाले काका छाती फुगवून म्हणाले आणि ऐटीत मागे रेलले. खुर्चीचा मागचा पाय मोडला.

इमारतीच्या सेक्रेटरींनी त्यांना बखोटीला धरून उठवलं. "लागलं का हो?"

"माझ्या बाजूने नाही."

"काका, मी मागून बघतोय. पँट फाटलीय."

"मग ती तुमची बाजू," काका म्हणाले आणि भिंतीला पाठ लावून उभे राहिले.

ही पाचबाजू मंडळाची खोली. तिसरा मजला, मधोमध पाच कोनांचं टेबल, भोवती पाच खुर्च्या. आता चार. दाराजवळ काचेचं कपाट, काचेवर वर्तमानपत्र चिकटवलेलं. मंडळाचा मूळपुरुष सुतार होता. गिऱ्हाइकानं चौकोनी टेबल सांगितलं, याच्या हातून पाच कोनांचं झालं. गिऱ्हाईक बोंबलायला लागलं तेव्हा हा गडी शांतपणे म्हणाला, "तुमच्या बाजूने वाकडं दिसतंय. माझ्या बाजूने या." गिऱ्हाईक गेलं, टेबल राहिलं, आणि त्या टेबलाभोवती एक तत्त्वज्ञान उभं राहिलं. थोर विचार जन्माला यायला एवढी अडचण पुरते.

नियम साधा. दर गुरुवारी टेबलावर एक वस्तू ठेवायची. आपल्या खुर्चीतून दिसेल तेवढंच बोलायचं आणि शेवटी म्हणायचं, "उरलेलं तुम्ही सांगा." दुसऱ्याच्या बाजूचं बोलणं हे महापाप. एकदा टेबलावरच्या स्टोव्हनं पेट घेतला. पहिल्यानं धूर सांगितला, दुसरीनं वास, तिसऱ्यानं चटका, चौथ्यानं जाळ. पाचवे उशिरा यायचे होते. त्यांची वाट बघता बघता पडदा जळाला. पण मंडळाच्या वहीतली नोंद बिनचूक होती.

आता पहिले गेले, तिसरे गेले, पाचवे मुलाकडे राहायला गेले आणि तिथून वर गेले. उरली चौथी खुर्ची, म्हणजे काका. दर गुरुवारी ते एकटेच येत, वस्तू ठेवत, आपली बाजू सांगत आणि "उरलेलं तुम्ही सांगा" म्हणून पाच मिनिटं थांबत. मग कुलूप लावत.

"मंडळात माणसं किती?" सेक्रेटरींनी विचारलं.

"पाच."

"मला एकच दिसतोय."

"तुमच्या बाजूने."

"काका, खेळ पुरे. व्यायामाची यंत्रं आलीत, जिन्याखाली सडताहेत. येत्या गुरुवारी साडेचारला मी वही घेऊन येतो. खोलीत दोन सभासद दिसले तर खोली तुमची. एकच दिसला तर मी कुलूप बदलणार."

दुसरी सभासद होती. दुसऱ्या खुर्चीच्या बाई, चित्रकलेच्या शिक्षिका. अकरा वर्षांपूर्वी उठून गेल्या, त्या परत फिरकल्या नव्हत्या.

काका त्यांच्या दारात जाऊन उभे राहिले. बाईंनी साखळी न काढता दार किलकिलं केलं.

"कोण? चौथे? माझ्या बाजूने फार म्हातारे दिसताय."

"तुमचा एकच डोळा दिसतोय बाई. तो बरा आहे."

"कशाला आलात?"

काकांनी खोलीचं सांगितलं. बाईंनी ऐकून घेतलं.

"खोली जाईल म्हणून पाय लागले होय इथं! बायको गेली तेव्हा नाही आलात."

काका पायपुसणं बघत राहिले.

झालं होतं ते असं. त्या गुरुवारी काकू चहा घेऊन आल्या होत्या. पहिल्यांना थट्टा सुचली. म्हणाले, आज वस्तू नको, आज वहिनींनाच बघू. काकू हसत टेबलापाशी उभ्या राहिल्या. काका म्हणाले, माझ्या बाजूने ही हसतेय. बाई मागे बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "माझ्या बाजूने हिनं हात मागे नेऊन खुर्ची गच्च धरलीय. बोटं पांढरीफटक पडलीत. पाय लटपटताहेत. उरलेलं तुम्ही सांगा." त्यावर काका खेकसले, "माझी बायको आहे ती. तिच्या सगळ्या बाजू मला ठाऊक आहेत. ठणठणीत आहे." तेच वहीत लिहिलं गेलं आणि बाई उठून गेल्या. काकू पाच महिन्यांनी गेल्या.

"येईन मी," बाई दाराच्या फटीतून म्हणाल्या. "पण वहीतली ती ओळ दुरुस्त करायची. तुमच्या तोंडानं, माझ्यासमोर. जमणार असेल तर येते, नाहीतर यंत्रं ठेवू द्या त्यांना. निदान कुणाची तरी तब्येत सुधारेल."

"जमेल," काका म्हणाले.

गुरुवारी सकाळपासून काकांची लगीनघाई. त्यांनी मोडकी खुर्ची सुतळीनं बांधली, वही काढली, वर्तमानपत्राचा सुटलेला कोपरा पुन्हा चिकटवला. बाईंचे गुडघे गेले होते, म्हणून लिफ्टही तपासली. या इमारतीची लिफ्ट तीस वर्षं त्यांच्याच हातात होती. चार बिऱ्हाडांनी सांगितलं होतं, ती दुसऱ्या मजल्यानंतर आचके देते. काका गच्चीवरच्या मशीनच्या खोलीत गेले, मोटर पाहिली, ब्रेक पाहिला, आणि तपासणीच्या कार्डावर लिहिलं : मशीनच्या खोलीतून पाहता लिफ्ट ठीक. खाली खड्ड्यात उतरून कोण बघणार? ती दुसरी बाजू.

सव्वाचारला बाई लिफ्टमध्ये बसल्या. दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मध्ये लिफ्टनं आचका दिला आणि थांबली.

काका मंडळाची वही काखेत घेऊनच जाळीच्या दारापाशी धावले. खाली लिफ्टचं छप्पर आणि वीतभर फट. फटीत बाई.

"माझ्या बाजूने तुमचे बूट दिसताहेत," बाई म्हणाल्या. "एक मोजा निळा आहे, एक तपकिरी. घरी सांगणारं कुणी नाही वाटतं?"

"घाबरू नका. वर जाऊन चाक हातानं फिरवतो."

"थांबा! अकरा वर्षं असेच कुठं ना कुठं निघून जाताय. आधी बोला."

सेक्रेटरी वही घेऊन मागे उभेच होते. "काका, लिफ्टमधलं माणूस धरता येणार नाही. खोलीतच हवं."

"अहो, माणूस अडकलंय!"

"मग सोडवा. चार वीस झालेत."

काका जमिनीवर पालथे झाले. फाटकी पँट सेक्रेटरींच्या बाजूला होती. त्यांनी नजर वळवली.

"बाई, ऐकताय ना?"

"हनुवटी दिसतेय. दाढी नीट झालेली नाही. बोला."

"तुम्ही बरोबर होता. मी चुकलो."

"हे मला माहीत आहे. एवढ्यासाठी मी गुडघे मोडून आले नाही."

काकांनी गाल गार फरशीला टेकवला.

"मला दिसलं होतं," ते म्हणाले. "ती समोर उभी होती ना, तिच्या मागे काचेचं कपाट. तिचा हात काचेत दिसत होता. बोटंसुद्धा. मी दोन्ही बाजू बघितल्या, बाई. घरीसुद्धा भिंत धरून चालायची ती. मी विचारलं असतं तर तिनं सांगितलं असतं. मग ते सगळं खरं ठरलं असतं. म्हणून विचारलं नाही. नंतर काचेला कागद लावला." ते थांबले. "उरलेलं तुम्ही सांगा."

फटीतून बाईंची दोन बोटं वर आली आणि जाळीला धरून राहिली.

"चौथे," त्या म्हणाल्या, "तिनं मला त्या दिवशी जिन्यात..."

तळमजल्यावर कुणीतरी बटण दाबलं. बाईंनी बोटं मागे घेतली आणि लिफ्ट काही झालंच नाही अशी सुरळीत खाली निघून गेली.

"जिन्यात काय?" काका जाळीतून खाली ओरडले. "बाई! जिन्यात काय?"

ते उठले, मंडळाची वही तिथेच टाकली आणि जिन्यानं खाली पळत सुटले. दुसऱ्या मजल्यावर वळताना त्यांना लिफ्ट वर जाताना दिसली. बाईंचं तोंड पलीकडच्या बाजूला होतं.

काका तळमजल्यावर पोहोचले तेव्हा बाई तिसऱ्या मजल्यावर उतरून, खोलीत जाऊन, दुसऱ्या खुर्चीवर बसल्या होत्या. काकांनी धापा टाकत बटण दाबलं. लिफ्ट आली, त्यांना घेऊन निघाली आणि दुसऱ्या मजल्यानंतर थांबली.

साडेचार वाजता सेक्रेटरींनी लिहिलं : खोलीत हजर सभासद, एक.