दुसऱ्या बाजूची लय

ध्वनिमुद्रकाने गाणं थांबवलं आणि खुर्ची वळवली. ताई कोट न काढताच बसल्या होत्या, पर्स मांडीवर घट्ट धरून.

"वा," त्या म्हणाल्या. "मजेत चाललं होतं म्हणायचं तुमचं!"

गायकाने मान खाली घातली. त्याच्या बँडचा हा अल्बम तीस वर्षांपूर्वीचा. पहिली बाजू मुद्रित झाली आणि ज्याला सगळे भिंगरी म्हणायचे त्या ड्रमरला युद्धावर जायचं बोलावणं आलं. तो परतला नाही. दुसरी बाजू दुसऱ्या बँडमधला ड्रमर आणून पुरी केली गेली. तिच्यावरून चाहत्यांत उभी फूट पडली. काहींनी ती डोक्यावर घेतली, बाकीचे म्हणाले, हा रॉक की अंत्ययात्रा? भिंगरीच्या या थोरल्या बहिणीने मात्र अल्बमला कधी हात लावला नाही. भाऊ जाऊन महिना होत नाही तोच हे गायला लागले, एवढंच त्यांच्या मनात बसलं होतं. आता नवी आवृत्ती निघणार होती. ताई हो म्हणाल्या तरच भिंगरीचा फोटो तिच्यावर छापायचा, असं गायकाने कंपनीला बजावलं होतं.

"ही सुधारलेली प्रत आहे," ध्वनिमुद्रक म्हणाला. "मूळ फारच रेंगाळतं. कॉम्प्युटरवर वेग वाढवलाय."

"मूळ लाव."

"नको ताई," गायक म्हणाला. "ऐकवत नाही ते."

"तुला ऐकवत नसेल. तू बाहेर जाऊन बस."

तो गेला नाही. गाणं सुरू झालं. गिटार उशिरा आली, तिच्यामागे फरफटत बेस गिटार. गायकाचा आवाज प्रत्येक ओळीला मागे पडत होता. ताईंची पर्स घसरून खाली पडली. त्यांनी ती उचलली नाही.

"इतकं हळू कशानं रे?"

"हात उचलत नव्हते, ताई. तो बिचारा ड्रमर चार मोजायचा आणि आम्ही कुणी सुरूच करायचो नाही. शेवटी तोच आमच्यामागून वाजवू लागला."

ताई नाक पुसून हसल्या.

"भिंगरीनं स्टिक फेकून मारली असती तुम्हाला."

"नेम चांगला होता त्याचा," गायक म्हणाला आणि त्यालाही हसू फुटलं.

"फोटो दात दिसतात तो घ्या. आणि ते कॉम्प्युटरचं पुसून टाका."

"लोक पुन्हा नावं ठेवतील."

"ठेवू देत."

ताईंनी कोट काढला, खुर्ची पुढे ओढली.

"पुढचं लाव."