पैलतीरावरची घंटा

एकोणीसशे एकतीस सालच्या नोव्हेंबरात पेटिग्रू गावातली माणसं मला घाबरत होती. आजही घाबरतात, पण आता त्यांना त्यात गंमत वाटते. तेव्हा गंमत नव्हती. एका लहान मुलीचा जीव माझ्या दोरीवर अडकला होता, मी वाजत होते, आणि कोणी येत नव्हतं.

मित्रांनो, मी एक जुनी काशाची घंटा आहे. माझा जन्म ओहायो नदीकाठच्या एका ओतशाळेत झाला. पेटिग्रूत कोणीही तुम्हाला सांगेल, की माझ्या रसात आगबोटीच्या कप्तानाने मूठभर चांदीचे डॉलर टाकले, म्हणून माझा आवाज इतका गोड आहे. तसं काही झालं नाही. कप्तान त्या दिवशी दाढ दुखते म्हणून घरी झोपून होता. पण या गावाला साधी गोष्ट गळ्याखाली उतरत नाही.

मला 'ल्युसी ग्रॅम्बलिंग' नावाच्या आगबोटीवर बसवलं. ओकाटूला नदीतून ती कापसाच्या गासड्या समुद्राकडे न्यायची. पेटिग्रूच्या वरच्या वळणावर एका दुपारी गासड्यांवर ठिणगी पडली. माझी दोरी जळून तुटेपर्यंत कोणीतरी मला वाजवत होतं. काही माणसं पोहून काठाला लागली, काही लागली नाहीत. मी गाळात रुतले.

पुढे एका कोरड्या उन्हाळ्यात नदी आटली आणि अमोस स्टोव्हॉल नावाच्या नावाड्याला माझी कड दिसली. त्याने खेचरं जुंपून मला बाहेर काढलं, वाळूने घासलं आणि पैलतीरावर सायप्रसच्या एका लाकडी खांबाला टांगलं. त्या काठाला गाव होतं, माझ्या काठाला शेतं. मध्ये अमोसचा तराफा, या काठापासून त्या काठापर्यंत बांधलेल्या जाड दोराला धरून ओढायचा. माझ्या काठावरच्या माणसाला गावात जायचं असलं की तो माझी दोरी ओढायचा. पायी असेल तर एकदा, गाडी असेल तर दोनदा. ते माझे सुखाचे दिवस. नवऱ्या मुली माझ्याखाली उभ्या राहून केस सारखे करायच्या. एक पाद्री तर म्हणाला होता, या घंटेपुढे माझं प्रवचन फिकं पडतं. लोक म्हणाले, त्यात घंटेचं कौतुक कमी आणि प्रवचनाची पारख जास्त.

मग अमोस गेला. नदीला पूर होता, धुकं होतं, आणि मी वाजले. मला वाजवलं ते एका सुटलेल्या खेचराने. मान खाजवायला ते माझ्या खांबाला घासत होतं. अमोस निघाला. मध्यावर जुना दोर तुटला आणि तराफा उलटला. धुकं विरल्यावर लोक आले, तेव्हा माझ्याजवळ कोणी नव्हतं. खेचर केव्हाच चरायला गेलं होतं.

दोर कुजला होता. अमोसने स्वतःच बायकोला सांगितलं होतं, पुढच्या आठवड्यात बदलतो. पण कुजलेल्या दोराची गोष्ट शेगडीभोवती बसून कोण ऐकणार? गावाने दुसरी रचली. 'ल्युसी ग्रॅम्बलिंग'वर जळालेले लोक धुक्यात घंटा वाजवतात, तीनदा वाजली की समजायचं, आणि जो नावाडी त्या हाकेला जातो तो परत येत नाही.

तिथपासून रीत पडली. धुक्यात घंटा वाजली की चुलीत मीठ टाकायचं, दाराजवळ एक बूट उलटा करून ठेवायचा, आणि धुकं उठेपर्यंत नदीकडच्या खिडकीत जायचं नाही. पैलतीरावरचे लोकही धुक्यात माझ्या दोरीला हात लावत नसत. माझ्याखालच्या ओंडक्यावर हात मांडीत धरून गप्प बसायचे. वाऱ्याने मी जरा हलले तरी उठून लांब उभे राहायचे. मित्रांनो, सगळं गाव आपल्याला भितं असं रोज दिसलं, की आपल्यालाही आपली भीती वाटू लागते. धुकं आलं की मी लोलक आवळून धरल्यासारखी स्तब्ध राहायचे.

त्या नोव्हेंबरातल्या सकाळी धुकं इतकं दाट होतं, की मला माझ्या खांबाचं बूड दिसत नव्हतं. व्हर्डी क्रेनशॉ वाटेने आली. तिचा नवरा दूर लाकडाच्या गिरणीवर कामाला होता. कडेवर तिची पाच वर्षांची नोला. मुलीला घटसर्प झाला होता. गळा सुजलेला, घशात पांढरा पापुद्रा, आणि प्रत्येक श्वास करवतीसारखा आवाज करत आत जात होता. डॉक्टर यॅन्सी पलीकडे, गावात.

व्हर्डी याच काठावर वाढलेली. तिनेही आयुष्यभर बूट उलटे ठेवले होते. दारात साप दिसावा तशी ती माझ्याकडे पाहत राहिली. मग म्हणाली, "नोला, बाळा, कान झाक," आणि दोरी ओढली.

मी वाजले. पलीकडे काही हललं नाही. तिने हायरमला हाक मारली. हायरम म्हणजे अमोसचा मुलगा, आता तराफा त्याच्याकडे होता. पण नदी भरून वाहत होती. माणसाचा आवाज ती पाण्यावरच गिळत होती. तिने पुन्हा ओढली, आणि पुन्हा. तीन झाले. व्हर्डीच्या ते लक्षात आलं.

"झालं," ती म्हणाली. "आता तर कोणी येतच नाही."

नोलाने खोल गेलेल्या आवाजात विचारलं, "आई, भूत आहे का इथे?"

"नाही गं. आपण दोघीच आहोत."

"मग ते का येत नाहीत?"

"त्यांना वाटतंय आपणच भूत आहोत."

मुलीने कसाबसा एक श्वास आत ओढला. मग म्हणाली, "सांग ना त्यांना, नाही म्हणून."

व्हर्डी सांगत होती. माझ्याजवळ दुसरे शब्द नव्हते. मुलीच्या ओठांच्या कडा निळ्या होताना मला दिसत होत्या आणि माझ्या तोंडातून तोच आवाज निघत होता, ज्याला ऐकून पलीकडे लोक दारं लावतात. इतकी भीती मला जळत्या बोटीवरही वाटली नव्हती.

पलीकडे काय चाललं होतं ते टेनीमावशीने पुढे कितीदा तरी माझ्याखाली बसून सांगितलं, म्हणून मला माहीत आहे. टेनीमावशी म्हणजे अमोसची विधवा, हायरमची आई. सगळं गाव तिला मावशीच म्हणायचं. ती चुलीपाशी मक्याच्या पावाचं पीठ कालवत होती. दुकानदार बड टार्पली सकाळची कॉफी प्यायला येऊन बसला होता, कारण घरी त्याची बायको त्याला एकच पेला द्यायची.

"मीठ टाक, टेनी. चिमूटभर काय टाकतेस, मूठभर टाक," बड म्हणाला.

"तुझ्या दुकानचं आहे. अर्धी वाळूच असते त्यात," टेनीमावशी म्हणाली, पण तिने मूठभर टाकलं. हायरमने बूट उलटा केला. घंटा थांबेना, तसा तो उठून उभा राहिला.

"बस खाली," बड म्हणाला. "तुझा बापही असाच उठला होता."

हायरम बसला.

टेनीमावशीने पिठातले हात तसेच धरले. "बड, जरा गप्प बस."

"मी गप्पच आहे."

"नाहीस. जन्मापासून नाहीस. ऐकू दे."

मी मंद होत चालले होते. एक टोला, मग बराच वेळ काही नाही, मग एक अर्धवट टोला. मग पुन्हा जोरात, पण लोलक दुसऱ्या कडेला आपटत होता. आवाज जरा बोथट.

"हात बदलला तिने," टेनीमावशी म्हणाली.

"कोणी?"

"जी कोण असेल तिने. उजवा दमला, आता डाव्याने ओढतेय. दुसरा हात मोकळा नाही तिचा. काहीतरी धरलंय." तिने हात पुसले. "हायरम, मेलेल्यांचे हात दुखत नाहीत रे."

हायरम पांढरा पडला. त्याला कळलं होतं, आणि तरीही त्याचे पाय उठत नव्हते. बापाचा तराफा पालथा तरंगताना त्याने पाहिला होता.

"दोर कसा आहे?" आईने विचारलं.

"उन्हाळ्यातच नवा टाकलाय."

"मग चल. मी येते."

अमोस गेल्यापासून तिने तराफ्यावर पाय ठेवला नव्हता. दाराजवळचा उलटा बूट तिने सरळ केला आणि पायात घातला. बडने चुलीतल्या मिठाकडे आणि मग तिच्याकडे पाहिलं. "टेनी, आम्ही उद्या तुला कुठे शोधायचं?" त्याचा आवाज थट्टेचा नव्हता.

"कॉफी संपव आणि डॉक्टरला धक्क्यावर आणून उभा कर. बोलत बोलत जाऊ नकोस, पळत जा."

मध्य नदीत त्यांना आपलेच हात दिसत नव्हते. फक्त मी ऐकू येत होते. आणि तिथेच मी थांबले. नोलाचा श्वास अडकला होता. व्हर्डीने दोरी सोडून तिला मांडीवर पालथं घातलं होतं आणि पाठीवर थापट्या मारत होती. हायरमने ओढणं थांबवलं. बापाच्या वेळीही मी अशीच एकदम थांबले होते.

"आई, थांबली ती."

"म्हणूनच ओढ," टेनीमावशी म्हणाली, आणि तिने स्वतः दोराला हात घातला.

नोलाचा श्वास पुन्हा करकरत आत गेला. त्याच वेळी पाण्याकडून दोराचा चरचर आवाज आला, आणि धुक्यातून दोन आकृत्या उभ्या असलेला तराफा बाहेर पडू लागला. आता व्हर्डीची पाळी होती. गावाची सगळी गोष्ट तिच्या डोळ्यांपुढे उभी राहिली असणार. ती मुलीला छातीशी घेऊन मागे मागे सरकली, माझ्या खांबाला येऊन टेकली.

"कोण आहे?"

"टेनी स्टोव्हॉल. अजून जिवंत आहे. तू?"

"व्हर्डी," ती म्हणाली, आणि तिथेच खाली बसली. टेनीमावशीने मूल उचललं, हायरमने व्हर्डीला.

तराफा गावाच्या काठाला लागला, तेव्हा डॉक्टर यॅन्सी धक्क्यावरच उभे होते. बड खरंच पळत गेला होता. घटसर्पावरचं प्रतिविष वेळेवर टोचलं गेलं. दोन दिवस काही सांगता येत नव्हतं. तिसऱ्या दिवशी नोलाने ताक मागितलं.

टेनीमावशी त्यानंतर धुकं पडलं की मुद्दाम तराफ्यावरून येऊन माझ्याखालच्या ओंडक्यावर बसायची, शाल पांघरून. ती दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस गेली. हायरमने पूल होईपर्यंत तराफा चालवला. पूल झाल्यावर पुलाच्या रंगकामावर लागला आणि म्हातारपणी पोर्चमध्ये बसून त्याच पुलाला शिव्या देत राहिला. व्हर्डी नवऱ्याबरोबर दूरच्या सूतगिरणीत कामाला गेली आणि पेटिग्रूत पुन्हा राहायला आली नाही. बड टार्पलीने ती सकाळ मरेपर्यंत सांगितली. दर वर्षी थोडी बदलून. आधी त्याने त्यात स्वतः तराफा ओढला. मग मुलगी वाचेनाशी झाली, कारण तशी गोष्ट जास्त रंगायची. शेवटी आईही बुडाली.

आता मी गावच्या वाचनालयापुढच्या हिरवळीत एका चौकटीत टांगलेली आहे. ऑक्टोबरात मुलांना घेऊन एक तरुण बाई येते आणि कंदील वर धरून सांगते, की धुक्यात एक मेलेली आई मेलेल्या मुलीसाठी ही घंटा वाजवते. काही वर्षांपूर्वी मुलांच्या मागे एक पांढऱ्या केसांची बाई उभी होती. शाळेच्या स्वयंपाकघरात आयुष्य काढून निवृत्त झालेली. तिचा आवाज घोगरा होता, घटसर्पाने कायमचा तसा करून टाकलेला.

"त्या मुलीचं नाव काय होतं?" तिने विचारलं.

"ते कोणालाच माहीत नाही, मॅम," तरुण बाई म्हणाली.

नोलाने माझ्यावर हात ठेवला. "नोला," ती म्हणाली. मुलं शहारून मागे सरली, आणि मग त्यांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, हा खेळाचाच भाग आहे.

मित्रांनो, मला पुसून चकचकीत केलं नाही तरी चालेल. गोष्टी सांगायच्या तर खुशाल सांगा, अंगावर काटा येऊ द्या. पण मी अजून भिते, ते यासाठी. येणारं जाणारं प्रत्येक पोर मला वाजवतं, आणि आता कोणी मान वर करून पाहत नाही. उद्या कोणी खरंच जीव तोडून ही दोरी ओढली, तर घरातली माणसं हसून म्हणतील, आलं बघ भूत. तेवढं करू नका. घंटा वाजली, की आधी उठून बघा. भूत असेल तर ते थांबेल. माणसाला थांबायला वेळ नसतो.